न घेतलेलं नाव

सारी-तेरेक
११ जून २०१६

माननीय प्रोफेसरसाहेब,

पाकिटावरचं अक्षर बघूनच तुम्ही कपाळाला आठ्या घातल्या असतील. घाला. एकतीस वर्षं या गावात मी टपाल वाटलं. पत्र हातात घेतल्यावर माणसाचं तोंड कसं होतं ते मला पाकिटाबाहेरून कळतं.

मी तुमची वहिनी, तुमच्या थोरल्या भावाची बायको. भाऊ गेला त्याला पाच वर्षं झाली. तुम्ही मातीला आलात, दाराबाहेर उभं राहून मोठ्यानं रडलात आणि चहाचा घोट न घेता गाडीत बसून निघून गेलात. त्याआधीची बावीस वर्षं तर उंबऱ्यालाही पाय लावला नव्हता. ते जाऊ दे, त्यावर मी नंतर येईन. आज काम वेगळं आहे.

जुन्या सिनेमा थिएटरसमोर तुमच्या समितीचा दगड येऊन पडलाय. चांगला दोन पुरुष उंच, काळा. एसेन्तूर त्यावर नावं कोरतोय. शंभर वर्षांपूर्वी रशियाच्या बादशहाच्या लढाईसाठी आपल्या गावातून जी माणसं धरून नेली आणि जी परत आली नाहीत, त्यांची एकेचाळीस नावं. तीन सप्टेंबरला अनावरण, मंत्री येणार, शाळेची मुलं गाणं म्हणणार. आणि शेजारी एक पितळी पाटी, तुमच्या पुस्तकातल्या वाक्यासकट: "ही यादी सरकारी कारकुनाला गावातल्याच एका स्त्रीनं सांगितली."

ती स्त्री कोण हे पाटीवर नाही, तेवढी लाज तुम्ही राखलीत. पण सारी-तेरेकमध्ये शेंबडं पोरसुद्धा सांगेल. शंभर वर्षं आपल्या घराला "नावं देणारीचं घर" म्हणतात. माझ्या नणंदेचं लग्न त्यापायी दोनदा मोडलं. तुम्ही दहाव्या वर्षी शहरात बोर्डिंगला गेलात, तुमच्या कानावर कमी आलं. आम्ही रोज नळावर ऐकलं.

तर प्रोफेसरसाहेब, सरळ सांगते. त्या एकेचाळीसमधली चाळीस माणसं कधी जन्मालाच आली नाहीत. ना त्यांना आई, ना बाप, ना थडगं. तुम्ही चाळीस पुरुषांसाठी रडताय जे नव्हतेच, आणि जिनं गाव वाचवलं त्या तुमच्याच आजीला पितळेत ठोकताय.

एसेन्तूर आज पाच नंबरवर आहे. त्याचा हात थांबवा, आणि ती पाटी वितळवा.

तुमची वहिनी
उम्सुनाई



सारी-तेरेक
२८ जून २०१६

बोळक्या,

तुझं उत्तर मिळालं. छापील कागद, वर समितीचा शिक्का, खाली तुझ्या सेक्रेटरीची सही. "आदरणीय नागरिक उम्सुनाई, आपल्या भावनांचा आदर राखून कळवण्यात येते की, मौखिक आठवणींना दस्तऐवजाचा आधार नसल्यास त्या ग्राह्य धरता येत नाहीत." वाचून मी शेजारणीला हाक मारली आणि म्हटलं, बघ गं, मी नागरिक झाले.

म्हणून आता मीही तुम्ही-बिम्ही सोडलं. लग्न होऊन या घरात आले तेव्हा तू नऊ वर्षांचा होतास आणि तुझे पुढचे चारही दात पडलेले होते. सुनेनं दिराचं नाव घ्यायचं नसतं, म्हणून मला तुझं दुसरं नाव ठेवायला सांगितलं आणि मी ठेवलं बोळक्या. तू दोन दिवस रुसून घोड्याच्या तबेल्यात बसलास. आता तुझ्या तोंडात सोन्याचे दात आहेत म्हणे. असू देत. माझ्यासाठी तू बोळक्याच.

तुला दस्तऐवज पाहिजे ना? दस्तऐवज तुझ्याच हातात आहे, तो वाचता येत नाही ही अडचण आहे. बोर्डिंगनं तुला रशियन शिकवलं आणि आपल्या आयाबायांची बोली विसरायला लावली. तुझा दोष नाही. पण आता कान उघडे ठेव.

आपल्याकडची सून नवऱ्याचं नाव घेत नाही, सासऱ्याचं नाही, थोरल्या-धाकट्या दिराचं नाही, चुलत सासऱ्यांचं नाही. मेल्यावरही घेत नाही. आणि सारी-तेरेक तेव्हा एकाच भावकीचं गाव होतं. म्हणजे प्रत्येक पुरुष प्रत्येक सुनेचा कोणी ना कोणी लागायचा. गावातल्या एकाही बाईला एकाही बाप्याचं नाव घेता यायचं नाही. मग बायका काय करायच्या? ज्या वस्तूवरून माणसाचं नाव, त्या वस्तूचा गुण सांगायच्या. मी लग्नानंतर आडनाव बदललं नाही, माहेरचंच ठेवलं, आठवतं? टपाल खात्यानं मला पुढारलेली स्त्री म्हणून भिंतीवर फोटो लावून सन्मान दिला होता. खरं कारण एवढंच, की तुमचं आडनाव आजेसासऱ्यांच्या नावावरून आहे आणि पगाराच्या खिडकीत ते मोठ्यानं सांगावं लागलं असतं.

आता तुझी यादी घे. क्रमांक एक, कायनामोव. शेवटचा "ओव" कारकुनानं चिकटवलाय, तो काढून टाक. राहिलं कायनामा. म्हणजे उकळणारा. ज्याचं नाव मोठ्या हंड्यावरून होतं तो. क्रमांक चार, उर्मोयेव. उर्मो म्हणजे भुंकणारा. पोरं जगत नव्हती म्हणून आईनं ज्याला कुत्र्याच्या पिल्लाचं नाव दिलं होतं तो. क्रमांक नऊ, सुझोन्कोव, ढुशी मारणारा. कोणत्या जनावराचं नाव असेल? शिंगं वळलेली असतात, मी नाही उच्चारणार. क्रमांक बारा, काच्मिन, लांब कानांचा, पळत सुटणारा.

आणि तुझ्या पुस्तकात पान एकशे आठवर काय लिहिलंयस? "ही नावं आसपासच्या कोणत्याही वंशावळीत आढळत नाहीत. त्यामुळे हे लोक एका स्वतंत्र, आज नामशेष झालेल्या टोळीचे असावेत." अरे बोळक्या! आपल्यात शेळ्या राखणाऱ्यालासुद्धा सात पिढ्या तोंडपाठ असतात. चाळीस बाप्ये आणि एकाचाही नातू नाही, पणतू नाही, हे तुला खटकलं नाही? टोळी काढलीस नवीन!

आता त्या हसण्याबद्दल. एकोणनव्वद साली तू ती यादी शहरातून शोधून आणलीस. सगळे जेवायला बसले होते, मामंजी मानाच्या जागी बसलेले. तू उभा राहिलास, डोळ्यांत पाणी, आणि एकेक नाव वाचायला लागलास. मी चुलीपाशी होते. पहिलं नाव ऐकलं आणि कान टवकारले. चौथं ऐकलं आणि डोक्यावरच्या रुमालाचं टोक तोंडात कोंबलं. नवव्याला मी खदाखदा हसले. हातातलं भांडं पडलं. तू मला काय म्हणालास ते तुला आठवत असेल, मला तर शब्दन् शब्द आठवतो. "माझ्या आजोबांच्या मरणावर हसणाऱ्या घरात मी पाणी पिणार नाही." आणि गेलास.

मी सांगू शकत नव्हते रे. सांगायचं तर नावं घ्यावी लागली असती, आणि समोर मामंजी. रात्री मी तुझ्या भावाला म्हटलं, उद्या जा, परत आण त्याला. तो म्हणाला, आधी तू का हसलीस ते सांग. तेही नाही सांगता आलं. तुझा भाऊ मरेपर्यंत मनात ते घेऊन होता, की आपल्या बायकोच्या एका हसण्यानं भाऊ तुटला. त्याची मला फार फार टोचणी आहे. तुझीही माफी मागते, सत्तावीस वर्षं उशिरा. पण तू वाचलंसच असं, गंभीर तोंड करून, "भुंकणारा, हजर व्हा!" कोणीही हसलं असतं.

एसेन्तूर आठ नंबरवर आलाय. उद्या ढुशी मारणारा.

वहिनी



सारी-तेरेक
१५ जुलै २०१६

बोळक्या,

या वेळी स्वतःच्या हातानं लिहिलंस. अक्षर अजून तसंच, चढावरच्या घोड्यासारखं वर वर जाणारं. पाकीट मी दोनदा हातात फिरवलं, मग फोडलं.

चाळीस नावांचं तुला पटलेलं दिसतंय. तू तसं लिहिलं नाहीस, पण जुन्या बोलीचा शब्दकोश काढून बसल्याचं लिहिलंस, म्हणजे तेच. आणि मग तो प्रश्न. "वहिनी, चाळीस खोटी असतील. पण क्रमांक सतरा खोटा नाही. ते माझे आजोबा. ते नाव खरं आहे, ते गेले हे खरं आहे, परत आले नाहीत हे खरं आहे. आजीनं स्वतःच्या नवऱ्याचं खरं नाव दिलं. त्याचं काय?"

आम्ही गवत कापायला लागलोय. पाऊस आला तर सगळं कुजेल, म्हणून घाई आहे. माझं काम आता फक्त चहा करणं आणि कणकेचे बोरसोक तळणं. पण एक सांगते. एसेन्तूरलाही मी रोज दोनदा बोरसोक नेते, गरम, वर साय आणि काळ्या रानफळांचा मुरंबा. तो खातो, मग त्याला झोप येते, मग मी त्याला त्याच्या आईची गोष्ट सांगते, मग त्याला रडू येतं. दिवसाला एक अक्षर कोरलं तर पुष्कळ. परवा नगराध्यक्ष येऊन ओरडून गेले, "काय एसेन्तूर, अजून तेरावरच?" तो म्हणाला, "साहेब, दगड कडक आहे." आणि माझ्याकडे बघून डोळा मारला. साठीचा झाला तरी वाह्यात तो वाह्यातच.

सतराबद्दल नंतर लिहीन.

वहिनी



सारी-तेरेक
४ ऑगस्ट २०१६

बोळक्या,

तुझी तार आली. आजकाल तार कोण करतं? टपालातल्या पोरीला नियम शोधावे लागले. "सतरा सांगा." दोनच शब्द. कंजूस मेला.

गवत घरात आलं. आता कारण उरलं नाही, म्हणून सांगते. मागच्या पत्रात मी गवताच्या आड लपले होते, तू ओळखलंस.

हे मला आजेसासूबाईंनी सांगितलं, साठ सालच्या हिवाळ्यात, लोकर पिंजताना. तू अकरा वर्षांचा होणार होतास आणि बोर्डिंगमध्ये होतास. त्या पुढच्याच वर्षी गेल्या. मी घरातली सगळ्यात धाकटी सून होते, त्यांचे पाय चेपणं माझ्याकडे. त्यांनी मला चाळीसही नावं आणि त्यांच्या मागची चाळीस खरी माणसं पाठ करून घेतली. एक चुकलं की पिंजायची काडी बोटांवर. त्या म्हणायच्या, "गाव मला नावं ठेवतं, ठेवू दे. मी तर गावालाच नावं ठेवली होती." आणि हसायच्या. बोळक्या, ते हसू फार मोठं होतं. चुलीपाशी मी हसले ते त्यांचंच हसू होतं, माझं नाही.

सोळा सालचा ऑगस्ट. एकोणीस ते त्रेचाळीस वयाच्या सगळ्या पुरुषांना लढाईमागच्या खंदकांवर न्यायचं फर्मान निघालं होतं. आपले पुरुष गुरं घेऊन वरच्या कुरणांत गेले, खिंडीपलीकडची वाट बघायला. घोड्यावरून अर्ध्या दिवसाचं अंतर, फार नाही. खाली तंबूंत बायका, म्हातारे, पोरं. आणि एक पुरुष, आजेसासरे. वीस दिवसांपूर्वी घोड्यावरून पडून त्यांचा पाय मोडला होता. त्यांना तंबूत मागच्या बाजूला रजया-गाद्यांची चळत असते ना, तिच्यामागे निजवलं होतं.

कारकून आला, त्याच्याबरोबर आठ शिपाई आणि एक दुभाष्या. दुभाष्या शहरातला तातार. त्याच्या घरी बायका नवऱ्याला खुशाल नावानं हाक मारायच्या, त्याला आपली रीत कशी कळणार? कारकुनानं आजेसासूबाईंच्या तंबूत मेज मांडलं, साखरेचे खडे ठेवले आणि नऊ बायकांना समोर बसवलं. पुरुषांची नावं सांगा, नाहीतर तंबू जाळतो.

आजेसासूबाई सव्वीस वर्षांच्या, मांडीवर एक वर्षाचे मामंजी. त्या पुढं बोलल्या. "लिहा. उकळणारा." दुभाष्यानं उच्चार तसाच सांगितला, कारकुनानं ओव लावून लिहिलं. मग बाकीच्या आठ जणींना कळलं आणि काय विचारतोस! एकीनं ढुशी मारणारा दिला, एकीनं भुंकणारा. एका आजीबाईनं तर आरवणारासुद्धा घुसडला. रुमालाचं टोक दातांत धरून सगळ्या सांगत होत्या, आणि तो कारकून मान खाली घालून छान वळणदार अक्षरात लिहीत होता. सोळा नावं झाली.

मग दुभाष्या थांबला. तो मूर्ख नव्हता. म्हणाला, "बाई, ही सगळी नावं सारखीच ओढूनताणून आल्यासारखी वाटतात. आणि गावात एकही पुरुष दिसत नाही. यातल्या एकाला हाक मार. इथं, आत्ता. ओ आली तर यादी खरी धरतो आणि पुढची लिहून घेतो. नाही आली तर यादी फाडतो आणि शिपायांना आत्ताच वर कुरणांत पाठवतो."

वर कुरणांत त्र्याऐंशी पुरुष होते, मुलं धरून. त्यांना काहीच माहीत नव्हतं.

आजेसासूबाईंनी मला सांगितलं, "मी रजयांकडे बघितलंसुद्धा नाही. बघितलं असतं तर हाक तोंडातून आली नसती." सात वर्षांच्या संसारात त्यांनी नवऱ्याचं नाव एकदाही घेतलं नव्हतं. एकटं असतानाही नाही. आणि त्यांनी ते घेतलं. तंबूभर ऐकू जाईल असं, खणखणीत.

आणि रजयांच्या मागून आवाज आला, "ओ."

मी विचारलं, "आजी, त्यांना ठाऊक होतं का, काय होणार ते?" त्या म्हणाल्या, "त्यानं सगळं ऐकलं होतं ना पडल्या पडल्या. ओ देताना त्याच्या आवाजात हसू होतं गं." ते उठले, तंबूची काठी धरत धरत बाहेर आले. दुभाष्याला म्हणाले, "बाकीचे गवताला गेलेत. दोन-अडीच आठवड्यांत कापणी संपली की खाली येतील, तेव्हा मोजून घ्या. मला आत्ताच न्या, लंगड्याला वाटेत वेळ लागेल." कारकुनानं सतरावं नाव लिहिलं. मग उरलेली चोवीस त्यानं डोळे मिटून घेतली. एका नावाला ओ आली होती ना. एका खऱ्यानं चाळीस खोटी खरी केली.

निघताना ते तिच्याजवळ थांबले. म्हणाले, "एवढा चांगला आवाज! इतकी वर्षं कुठं लपवून ठेवला होतास? आल्यावर परत एकदा मार हाक."

अठरा दिवसांनी फौज आली. मोकळ्या माळावर एक अंमलदार यादी धरून ओरडत होता, उकळणारा! भुंकणारा! ढुशी मारणारा! आणि समोर चिटपाखरू नाही. गाव खिंडीपलीकडे चीनमध्ये पोचलं होतं. आजेसासूबाई मागं राहिल्या, तान्हं मूल घेऊन, कारण ते परत आले तर घर रिकामं दिसायला नको.

ते आले नाहीत. कुठल्या जंगलात, कुठल्या खंदकात, कुणालाच कळलं नाही. पुढच्या वर्षी गाव परत आलं. त्या नऊ बायकांतल्या सहा जणी खिंडीतल्या बर्फात राहिल्या, दोघी वर्षभरात गेल्या. पुरुषांना इतकंच कळलं, की हिनं नवऱ्याचं नाव घेतलं आणि ते त्याला घेऊन गेले. नवऱ्याचं नाव घेतलं हेच आधी पुरेसं होतं.

मी विचारलं त्यांना, "आजी, मग सांगितलं का नाही कोणाला? चव्वेचाळीस वर्षं शिव्या खाल्ल्या." मला वाटलं रीतीचं काहीतरी सांगतील. त्या म्हणाल्या, "सांगायचं म्हणजे त्याचं नाव घ्यावं लागतं. आणि ते मी त्याच्यासाठी राखून ठेवलंय. आल्यावर परत एकदा हाक मारायचीय."

एवढंच. त्यानंतर त्या लोकर पिंजत बसल्या आणि मी बाहेर जाऊन गोठ्यात रडले.

बोळक्या, तू बरोबर होतास. तिनं नाव दिलं. एकच खरं नाव दिलं आणि ते स्वतःचं माणूस होतं. आता मला सांग, पाटीवर काय लिहितोस?

वहिनी



सारी-तेरेक
२७ ऑगस्ट २०१६

बोळक्या,

समितीचं पत्र मिळालं. पाटी रद्द, हे वाचून मी ते पत्र चुलीवरच्या आरशात खोचलंय, येणाऱ्या-जाणाऱ्याला दिसेल असं. नळावरच्या बायकांना मुद्दाम चहाला बोलावलं. प्रत्येकीनं उठून जवळ जाऊन वाचलं. शेजारच्या हबीबाची सून तर म्हणाली, "आजी, आमच्या घरात तुमच्याबद्दल जे बोललं जायचं..." मी म्हटलं, खा मुकाट्यानं, बोरसोक गार होतायत.

दगडाचं म्हणशील तर एसेन्तूर सोळावर थांबलाय. ती सोळा नावं खोडायची म्हणतोस? दगडावरचं खोडता येत नाही, तो म्हणाला, घासला तर खड्डा पडेल. आणि मी म्हणते, कशाला खोडायचं? ते सोळा बाप्ये आमच्या बायकांनी घडवलेत. तुमच्या बापजाद्यांपेक्षा गावाच्या जास्त उपयोगी पडले ते. राहू देत. वर एक ओळ कोरून घे: "हे पुरुष कधीच नव्हते, म्हणून आपण आहोत." ही ओळ माझी, पुस्तकात घातलीस तर नाव टाक माझं. सोळांच्या खाली सतरावं, ते खरं. आणि शेवटी तिचं. उरलेली चोवीस नकोत, जागा मोकळी राहू दे, मुलांना बसायला सावली लागते.

तू लिहिलंयस की समितीतल्या दोघांचं म्हणणं, पत्र पुरेसं नाही, साक्षीदारानं सर्वांसमोर तोंडानं सांगायला हवं. चाळीस नावांमागची चाळीस खरी माणसं, एकेक करून, माईकवर. आणि तुला काळजी, मी ते करेन का. सत्तावन्न वर्षं जे तोंडातून काढलं नाही ते शहात्तराव्या वर्षी भर चौकात काढायचं.

करेन. म्हणजे बघ, मला वाटलं होतं मी रडेन, घाबरेन. तसं काही झालं नाही. काल मी परड्यात उभी राहून चाळीसही म्हणून बघितली, गाई माझ्याकडे बघत राहिल्या. पहिल्या नावाला दोनदा सुरुवात करावी लागली. दुसऱ्यापासून असं सुटलं, की थांबवता येईना. किती चांगली नावं होती रे! हंडा, कुऱ्हाड, मेंढा, ससा, पहिला बर्फ. इतकी वर्षं आम्ही ती अशी गुंडाळून ठेवली होती, त्यांना वाराही लागला नव्हता. चाळिसांत एकही चुकलं नाही. काडी आठवली, बोटं आपोआप मिटली.

शेवटची दोन मी परड्यात नाही घेतली. ती तुला लिहून देते, एसेन्तूरला अक्षरं हवीत म्हणून. तुझ्या आजीचं नाव सेइलकान. साठ वर्षांत तू कधी ऐकलं होतंस? तुझ्या पुस्तकात ती "क्रमांक सतराची पत्नी" आहे, मी बघितलं.

आणि सतरावा. तोक्तोबाय. आधीची दोन मुलं गेली होती, म्हणून त्यांच्या आईनं हे नाव ठेवलं. तोक्तो म्हणजे थांब.

आता तुझं काम ऐक. तीन तारखेला तू मंत्र्याशेजारी खुर्चीत बसायचं नाहीस. गर्दीत उभं राहायचं, पहिल्या रांगेत, मला दिसशील असं. चाळीस नावं मी माईकवर घेईन. मग माईक बाजूला ठेवेन, कारण तिला माईक नव्हता. आणि मी हाक मारेन, ती मारायची राहिली होती ती. तिच्याइतका आवाज माझा नाही, पण मारेन.

शंभर वर्षांपूर्वी त्या हाकेला ओ आली होती. या वेळी चौकात शांतता पडली तर मला चालणार नाही. तुझा भाऊ नाही, मामंजी नाहीत. त्यांच्या घरचा पुरुष आता तू एकच आहेस.

म्हणून ओ तू द्यायचीस, बोळक्या. मोठ्यानं दे, आणि हसून.

तुझी वहिनी
उम्सुनाई तोक्तोबायेवा